सहा महिने थांब : प्रस्तावना

वडील गेले त्या वर्षी आम्ही तिघा भावंडांनी गावाकडच्या जमिनीला वारस लावण्यासाठी अर्ज दिला. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर बारनिशीचा गोल शिक्का, आवक क्रमांक आणि कुणाची तरी घाईची सही. ती पोच मी प्लास्टिकच्या पिशवीत घालून कपाटात ठेवली. आमच्या घरात सातबाऱ्याच्या खालोखाल मान पोचेला होता. काही महिन्यांनी सातबाऱ्यावर वडिलांच्या नावाखाली आमची तीन नावे आली, पण पेन्सिलने. ज्यांचा या कागदांशी संबंध आला आहे त्यांना पेन्सिलची नोंद म्हणजे काय हे सांगायला नको. फेरफार धरलेला आहे, पण मंडळ अधिकाऱ्याने तो प्रमाणित केलेला नाही. नावे आहेत आणि नाहीतही. पीककर्जाला गेलो की सोसायटीचे सचिव त्या पेन्सिलकडे बोट दाखवायचे. चावडीत विचारले की उत्तर मिळायचे, "नाव लागलंय की, दिसत नाही का?"

तीन वर्षे ती पेन्सिल तशीच राहिली. मी तेव्हा नुकता वकिलीला लागलो होतो. कागदांचा गठ्ठा घेऊन सीनिअरांकडे गेलो. त्यांनी चष्मा कपाळावर चढवून पाने चाळली आणि विचारले, "ऑर्डर कुठाय?" मी म्हटले, सर, ऑर्डरच तर नाही. "मग आव्हान कशाला देणार? पेन्सिलीला?"

हे पुस्तक त्या प्रश्नातून निघाले, असे म्हणायला हरकत नाही. सरकारने काही चुकीचे केले तर काय करायचे हे आपल्या न्यायव्यवस्थेला चांगले ठाऊक आहे. चुकीचा आदेश असतो, त्यावर तारीख असते, खाली सही असते. तो न्यायालयापुढे ठेवायचा आणि रद्द करून मागायचा. कारणे दिली नाहीत, म्हणणे ऐकले नाही, अधिकार नव्हता, हेतू वाईट होता, अशी आव्हानाची ठरलेली दारे आहेत. पण सरकारने काहीच केले नाही तर? न केलेल्या कामाला कागद नसतो, तारीख नसते, त्यावर कुणाची सही नसते. न्यायालयीन पुनर्विलोकनाची सगळी हत्यारे कागदावर चालवायची आहेत, आणि इथे तर कागदच गैरहजर.

"सरकारी काम, सहा महिने थांब" ही म्हण आपण हसून म्हणतो. पण त्या सहा महिन्यांनंतर थांबणाऱ्याने नेमके कुणाच्या दारी जायचे, आणि तिथे गेल्यावर त्याच्या पदरात काय पडू शकते, हा हसण्यावारी न्यायचा विषय नाही.

आमच्या पेन्सिलीचे पुढे काय झाले ते आधी सांगून टाकतो, कारण उरलेली प्रस्तावना त्याचाच विस्तार आहे. सीनिअरांनी शेवटी याचिका करू दिली. खंडपीठापुढे आमचा पुकारा झाला आणि चार मिनिटांत आटोपला. सरकारी वकिलांनी सूचना घेण्यासाठी वेळ मागितली; न्यायमूर्ती म्हणाले, वेळ कशाला, अर्जावर निर्णय घ्यायला काय हरकत आहे? आदेश तिथेच सांगितला गेला: संबंधित अधिकाऱ्याने अर्जदारांच्या अर्जावर कायद्यानुसार आठ आठवड्यांत निर्णय घ्यावा, आम्ही गुणवत्तेवर काहीही मत व्यक्त केलेले नाही, सर्व मुद्दे खुले आहेत, याचिका निकाली. बाहेर आल्यावर थोरल्या भावाने पेढे आणायचे का विचारले. सातव्या आठवड्यात निर्णय आला. फेरफार नामंजूर. कारण, मृत्यूच्या दाखल्यावर वडिलांच्या नावापुढे "राव" आहे आणि सातबाऱ्यावर तो नाही, सबब व्यक्ती एकच असल्याचे सिद्ध होत नाही.

सीनिअर मात्र खूश झाले. म्हणाले, "आता बघ, ऑर्डर आली."

त्यांचे ते वाक्य मला तेव्हा निव्वळ कुचकट वाटले होते. पुढे वीस-बावीस वर्षे हीच प्रकरणे चालवल्यावर कळले की त्यात अख्खा विषय आला आहे. न्यायालय मौन मोडायला लावू शकते. मौन मोडल्यावर तोंडातून काय बाहेर पडावे हे ते सहसा ठरवत नाही. ही मर्यादा कुठून आली, ती किती रास्त आहे, आणि न्यायालये तिच्याही कितीतरी अलीकडेच का थांबतात, हे मला या पुस्तकात पाहायचे आहे.

ज्या रिटने हे मौन मोडायचे तिला राज्यघटनेच्या मराठी अनुवादात "महादेश" म्हटले आहे. कोर्टाच्या आवारात हा शब्द मी कुणाच्या तोंडून ऐकलेला नाही. पक्षकारसुद्धा "मँडॅमस टाकू या" असेच म्हणतात. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ "आम्ही आज्ञा करतो". नाव असे राजेशाही, पण अटी पाहिल्या तर ती बरीच सोवळी आज्ञा आहे. अधिकाऱ्यावर कायद्याने टाकलेले कर्तव्य हवे, ते करवून घेण्याचा मागणाऱ्याला हक्क हवा, त्याने आधी मागणी केलेली हवी आणि ती नाकारली गेलेली हवी. निदान इतका काळ दुर्लक्षिलेली हवी की नकारच समजावा. म्हणून त्या पोचेला मान.

कर्तव्य आहे की नुसता अधिकार, हे बहुतेक वेळा कायद्याच्या एका क्रियापदावर ठरते. "प्राधिकारी अमुक करील" असे लिहिले असेल तर कर्तव्य. "करू शकेल" असेल तर त्याची मर्जी. अधिनियमांच्या मराठी प्रती वाचताना नवख्या वकिलाला हा फरक डोळ्यांत भरत नाही, पण अख्खी याचिका त्या एका शब्दावर तरते किंवा बुडते. त्यातही मेख अशी की जिथे "करू शकेल" आहे तिथेही करायचे की नाही याचा विचार करणे हे कर्तव्यच असते. मर्जी निर्णयापुरती. विचार टाळण्याची मर्जी कुणालाच नाही.

याचे एक जुने आणि अजून न गंजलेले उदाहरण मुंबईचेच आहे. अंधेरीत एका गृहस्थांना सिनेमागृह बांधायचे होते. १९४७ च्या जुलैमध्ये पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली, आणि सप्टेंबरमध्ये कळवले की सरकारच्या निर्देशावरून ती रद्द करण्यात येत आहे. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९५१ मध्ये न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी निकाल दिला. रद्द करण्याचा अधिकार नियमाने आयुक्तांना दिला होता, सरकारला नव्हे. आणि वरून आलेला निरोप खाली पोचवणे म्हणजे निर्णय घेणे नव्हे. म्हणजे आयुक्तांनी कागद काढला असला तरी कायद्याच्या दृष्टीने त्यांनी काहीच केलेले नव्हते! मग न्यायालयाने काय दिले? परवानगी दिली नाही. आयुक्तांनी स्वतःचे डोके वापरून, रद्द करायची की नाही, ते एकदाचे ठरवावे, एवढे सांगितले. गोरधनदास भानजी यांच्या नावाचा हा निकाल आजही प्रत्येक कायद्याच्या विद्यार्थ्याला शिकवतात, पण सहसा वेगळ्या कारणासाठी: आदेशाचा बचाव आदेशात लिहिलेल्या कारणांवरच करावा लागतो, मागाहून सुचलेल्या कारणांवर नाही, म्हणून. मला त्यातला शेवटचा भाग जास्त मोलाचा वाटतो. महादेशाची लांबी तिथे मोजून ठेवली आहे.

निर्णय न घेणारा अधिकारी लहान असतो तोवर ही लांबी पुरते. अडचण सुरू होते ती मोठ्यांपाशी.

१९७८ ची ४४ वी घटनादुरुस्ती आणीबाणीच्या अनुभवातून आली. तिच्या तिसऱ्या कलमाने प्रतिबंधक स्थानबद्धतेला वेसण घातली होती: सल्लागार मंडळाच्या मताशिवाय माणसाला तीन महिने डांबता येत असे, ते दोन महिन्यांवर आणले. राष्ट्रपतींनी १९७९ मध्ये संमती दिली. मात्र कोणते कलम कोणत्या दिवशी अमलात आणायचे हे संसदेने केंद्र सरकारवर सोपवले होते, आणि या कलमापुरता तो दिवस उगवला नाही. धनबादचे खासदार ए. के. रॉय यांना राष्ट्रीय सुरक्षा वटहुकुमाखाली अटक झाली तेव्हा हा प्रश्न पाच न्यायमूर्तींपुढे आला. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्यासह बहुमत म्हणाले की, तारीख ठरवण्याचे काम संसदेने सरकारला दिले, त्यासाठी कोणताही निकष घालून दिला नाही; मग कोणत्या मापाने मोजून आम्ही सरकारला आज्ञा करावी? न्यायमूर्ती गुप्ता आणि न्यायमूर्ती तुळजापूरकर यांना हे पटले नाही. संसदेने केलेली दुरुस्ती सरकारला बेमुदत दाबून ठेवता येणार नाही असे त्यांचे मत पडले. पाचांत दोन मते. तो निकाल १९८१ च्या डिसेंबरमधला. ते कलम आजही अमलात नाही. इंदिराजींपासून आजवर सर्व रंगांची सरकारे दिल्लीत येऊन गेली; या एका बाबतीत त्यांचे एकमत दिसते.

काही वर्षांनी न्यायालयाने याच भिंतीला एक छोटी खिडकी पाडली. १९६१ च्या वकिली कायद्याचे ३० वे कलम, म्हणजे देशातल्या कोणत्याही न्यायालयात उभे राहण्याचा वकिलाचा हक्क, असेच अधिसूचनेची वाट पाहत पडून होते. १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणाले, कलम अमलात आणा असे आम्ही सांगू शकत नाही, पण आणण्याची वेळ आली आहे का याचा विचार करा, एवढे सांगू शकतो. सरकारने विचार केला. कलम १५ जून २०११ रोजी अमलात आले, कायद्याच्या पन्नाशीत. वकिलांचे स्वतःचे काम असून ही गत. तेव्हा बाकीच्यांनी मनाला फार लावून घेऊ नये.

मग राजभवन. ६ नोव्हेंबर २०२० रोजी महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने विधान परिषदेवर नियुक्त करायच्या बारा जणांची यादी राज्यपाल भगतसिंह कोश्यारी यांच्याकडे पाठवली. राज्यपालांनी ती स्वीकारली नाही आणि परतही केली नाही. प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेले. १३ ऑगस्ट २०२१ चा तो निकाल मी पुन्हा पुन्हा वाचला आहे, कारण त्यात मर्यादेची जागा अगदी बोटाने दाखवता येते. मुख्य न्यायमूर्ती दीपांकर दत्ता आणि न्यायमूर्ती गिरीश कुलकर्णी यांनी स्पष्ट म्हटले की, शिफारस स्वीकारणे किंवा परत पाठवणे हे राज्यपालांचे कर्तव्य आहे. ते वाजवी मुदतीत व्हायला हवे. आठ महिने म्हणजे ती मुदत उलटली. एवढे सगळे याचिकेच्या बाजूने. पण घटनेच्या ३६१ व्या अनुच्छेदानुसार राज्यपाल न्यायालयाला उत्तरदायी नाहीत, म्हणून त्यांना निर्देश देता येत नाही. कर्तव्य लवकर पार पडेल अशी अपेक्षा मात्र व्यक्त करता येते.

अपेक्षा राजभवनात पोचली की नाही कोण जाणे. जून २०२२ मध्ये सरकार बदलले, नव्या सरकारने जुनी यादी मागे घेतली, त्यावर पुन्हा कोर्टकचेरी झाली, आणि १५ ऑक्टोबर २०२४ रोजी, विधानसभेची निवडणूक जाहीर झाली त्याच दिवशी, सात आमदारांचा शपथविधी झाला. ती सात नावे अर्थातच दुसऱ्या यादीतली. विलंब म्हणजे निर्णय लांबणीवर टाकणे, असे आपण समजतो. इथे विलंब हाच निर्णय होता. पहिल्या यादीतल्या बारा जणांना कुणीही कधी "नाही" म्हटले नाही.

संस्कृतातले "मौनं संमतिलक्षणम्" आपल्याकडे लग्नाच्या बैठकीत चालते. कायद्यात मौनाचा अर्थ काय? संमती, नकार की नुसती झोप? माझ्या मते या सगळ्या विषयाची गुरुकिल्ली इथे आहे, आणि ती न्यायालयाच्या हातात नाही. मौनाला अर्थ देण्याचे काम कायदा करणाऱ्याचे. जिथे त्याने ते केले आहे तिथे माणसाची निम्मी लढाई आधीच जिंकलेली असते. माहितीच्या अधिकारात तीस दिवसांत उत्तर आले नाही तर कायदा म्हणतो, माहिती नाकारली असे समजा. झाले, अपिलाचा रस्ता मोकळा. सीनिअरांनी "ऑर्डर कुठाय" विचारायची सोय नाही. महाराष्ट्राच्या प्रादेशिक नियोजन व नगररचना कायद्यात बांधकाम परवानगीच्या अर्जावर साठ दिवसांत काही कळवले नाही तर परवानगी मिळाली असे मानायचे. तिथे मौन म्हणजे संमती.

याच १९६६ च्या कायद्याचे १२७ वे कलम तर मला कायद्यातली एक छोटी कादंबरी वाटते. विकास आराखड्यात तुमच्या जमिनीवर शाळेचे किंवा उद्यानाचे आरक्षण पडले. दहा वर्षे गेली, पालिकेने जमीन घेतली नाही. तुम्हाला बांधताही येत नाही, विकताही येत नाही. मग तुम्ही खरेदीची नोटीस द्यायची. नोटिशीनंतर सहा महिन्यांत पालिकेने संपादनाचे पाऊल उचलले नाही तर आरक्षण व्यपगत झाले, जमीन मोकळी. कायदा करणाऱ्यांनी पालिकेचे सुस्त असणे गृहीत धरून त्याची किंमत आधीच लिहून ठेवली होती. मूळ मुदत सहा महिन्यांचीच होती, म्हणीशी इमान राखून. पुढे पालिकांच्या हातून भूखंड निसटायला लागले तेव्हा सरकारने काय केले? २००९ मध्ये सहाचे बारा महिने केले, २०१५ मध्ये बाराचे चोवीस.

मौनाला अर्थ देण्याचा मोह न्यायालयालाही एकदा झाला. ८ एप्रिल २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी तमिळनाडूच्या राज्यपालांनी अडवून ठेवलेल्या दहा विधेयकांना संमती मिळाली असे मानावे असा निकाल दिला आणि राज्यपाल, राष्ट्रपती यांच्यासाठी मुदती आखून दिल्या. त्या दिवशी आमच्या बाररूममध्ये दोन तट पडले. मी टाळ्या वाजवणाऱ्यांत होतो. राष्ट्रपतींनी मे महिन्यात न्यायालयालाच चौदा प्रश्न विचारले, आणि २० नोव्हेंबर २०२५ रोजी सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या अध्यक्षतेखालील पाच न्यायमूर्तींनी उत्तर दिले: घटनेत नसलेल्या मुदती न्यायालय घालू शकत नाही, मानीव संमती ही कल्पना घटनेत बसत नाही, मात्र विलंब दीर्घ असेल, त्याचे काही स्पष्टीकरण नसेल आणि त्याला शेवट दिसत नसेल, तर विधेयकाच्या गुणदोषांना हात न लावता, तुमचे काम वाजवी वेळेत करा, एवढा मर्यादित आदेश न्यायालय देऊ शकते.

म्हणजे फिरून अंधेरीच्या सिनेमागृहापाशी. काय ते ठरवा, पण ठरवा. मी निराश झालो होतो. सावकाश वाचल्यावर निकाल तर्काला धरून आहे हे कबूल करावे लागले. माहितीच्या अधिकारात मौन म्हणजे नकार आणि नगररचनेत मौन म्हणजे संमती हे जर कायदा करणाऱ्याने वेगवेगळे ठरवले असेल, तर विधेयकावरच्या मौनाचा अर्थ न्यायमूर्तींनी कुठून आणायचा? पण एक गोष्ट निसटू नये. राज्यपालांना आदेश देताच येत नाही, इथपासून मर्यादित आदेश देता येतो, इथवर मजल आली आहे. २०२१ मध्ये हे हाताशी असते तर मुंबईच्या निकालाचे शेवटचे पान निराळे झाले असते.

विधानसभा अध्यक्षांच्या बाबतीत हेच नाटक आपण टीव्हीवर पाहिले, म्हणून लांबवत नाही. सर्वोच्च न्यायालयाचा ११ मे २०२३ चा निकाल म्हणाला, २०२२ च्या सत्तांतरातून आलेल्या अपात्रतेच्या याचिका वाजवी वेळेत निकाली काढा. वाजवी म्हणजे किती हे ठरेना, तेव्हा न्यायालयाला ३१ डिसेंबर ही तारीखच घालून द्यावी लागली, ती पुढे १० जानेवारी २०२४ झाली, आणि त्या दिवशी अध्यक्षांनी निर्णय वाचला: कुणीही अपात्र नाही.

आता पैशांकडे वळू. अधिकाऱ्याच्या तोंडचे सर्वांत प्रामाणिक आणि सर्वांत सोयीचे कारण "निधी उपलब्ध नाही" हेच असते. मध्य प्रदेशातल्या रतलाममध्ये न्यू रोडवरच्या रहिवाशांच्या दारासमोरून उघडी गटारे वाहत, त्यांत दारूच्या कारखान्याचे सांडपाणी मिसळे. लोक मॅजिस्ट्रेटकडे गेले. उच्च न्यायालयात नव्हे, मोठ्या वकिलांकडेही नव्हे, तर फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १३३ व्या कलमाखाली, सार्वजनिक उपद्रव म्हणून. मॅजिस्ट्रेटने नगरपालिकेला सहा महिन्यांत योजना करायला सांगितले. नगरपालिका सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढली. तिचे म्हणणे, पैसे नाहीत. शिवाय हे लोक घाण पाहूनच इथे राहायला आले होते, आता तक्रार कसली? १९८० च्या जुलैमध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी दोन्ही मुद्दे उडवून लावले. पण हा निकाल नुसत्या फर्ड्या भाषेमुळे मोठा नाही. न्यायालयाने खर्चाच्या योजना पुढ्यात मागवून त्यांतली झेपेल अशी स्वस्तातली योजना निवडली, मुदत घातली, आणि काम झाले नाही तर जबाबदार माणसांवर कारवाई होईल असे सांगितले. ते १३३ वे कलम आता नव्या संहितेत १५२ वे झाले आहे. तालुक्याच्या गावी बसून वापरता येईल असे इतके धारदार हत्यार दुसरे नाही, आणि माझ्या पाहण्यात ते वर्षाकाठी एकदाही कुणी बाहेर काढत नाही. सगळ्यांना हायकोर्टच हवे असते.

उलट बाजूही ऐकली पाहिजे. एका रस्त्यासाठी न्यायालयाने पैसे द्यायला लावले की ते कुठल्या तरी दुसऱ्या कामातून निघतात, आणि त्या दुसऱ्या कामाची वाट पाहणारा माणूस न्यायालयात नसतो. त्याने वकील केलेला नसतो; आपले काय गेले हे त्याला कळतही नाही. न्यायमूर्ती हात आखडतात ते दर वेळी भिडेने नाही. कधी त्यांना हा गैरहजर माणूस दिसत असतो.

मोजता येईल असे काम सांगितले की न्यायालयाचा हुकूम चालतो, ही माझी अनेक वर्षांची नोंद. २८ नोव्हेंबर २००१ रोजी अन्नाच्या हक्काच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की सरकारी आणि अनुदानित प्राथमिक शाळांत मुलांना शिजवलेले जेवण द्या: किमान ३०० उष्मांक, ८ ते १२ ग्रॅम प्रथिने, वर्षात निदान २०० दिवस. पुढे नजर ठेवायला आयुक्त नेमले. योजना कागदावर होतीच, गोदामांत धान्य होते, कोरड्या धान्याऐवजी ताटात खिचडी पडली की नाही हे कुणालाही जाऊन पाहता येत होते. राज्यांनी कुरकुर केली, उशीर केला, पण चुली पेटल्या. याउलट २००६ चा पोलीस सुधारणांचा निकाल. सात निर्देश, सगळे शहाणपणाचे. आणि राज्यांनी कायदे करून त्यांतला कस काढून घेतला. पोलिसांवरचा राजकीय दबाव किती ग्रॅम कमी झाला हे कोण मोजणार? मेळघाटातील बालमृत्यूंच्या याचिका २००७ पासून मुंबई उच्च न्यायालयापुढे आहेत. डॉक्टरांच्या जागा भरा असा आदेश देता येतो. नेमणुकीचा आदेशही निघतो. धारणीला रुजू व्हायचे की नाही हे मात्र डॉक्टरच्या घरी ठरते.

मुंबईच्या खड्ड्यांचे प्रकरण या दोन टोकांच्या मध्ये लटकले आहे. २०१३ मध्ये न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी आपल्याच मुख्य न्यायमूर्तींना पत्र लिहिले आणि पत्राची जनहित याचिका झाली. २०१८ मध्ये सविस्तर निर्देश. मग ते पाळले नाहीत म्हणून अवमान याचिका. खड्डे मोजता येतात, पण दर पावसाळ्यात नव्याने मोजावे लागतात, आणि न्यायालय काही रोज रस्त्यावर उभे राहू शकत नाही. ऑक्टोबर २०२५ मध्ये न्यायालयाने पवित्रा बदलला: खड्ड्यामुळे मृत्यू झाला तर ६ लाख, जखमीला ५० हजार ते अडीच लाख भरपाई, आणि ती जबाबदार अधिकारी किंवा कंत्राटदाराकडून वसूल करायची. काम करा म्हणण्याऐवजी न केल्याची किंमत ठरवली. १२७ व्या कलमाने जे जमिनीसाठी केले तेच हाडांसाठी. याचा परिणाम काय होतो ते पाहायला अजून काही पावसाळे जावे लागतील.

अवमानाचे शस्त्र दुरून दिसते तितके भारी नाही, हेही इथेच सांगतो. सचिव जातीने हजर राहतात, बिनशर्त माफी मागतात, नोटीस मागे घेतली जाते. त्या दुपारी मंत्रालयातली एक फाइल हलते. बाकीच्या हजारांना त्याची वार्ताही नसते. गंमत म्हणजे न्यायालय स्वतःही या रांगेत उभे आहे. उच्च न्यायालयांच्या न्यायमूर्तींसाठी कॉलेजियमने पाठवलेली नावे केंद्राकडे पडून राहतात, म्हणून एप्रिल २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारला आठवड्यांच्या हिशेबात वेळापत्रक आखून दिले. ते पाळले गेले नाही म्हणून अवमानाची याचिका आली, सुनावण्या झाल्या, नापसंती व्यक्त झाली. नावे तशीच पडून राहिली.

माझी खरी तक्रार मात्र निराळी आहे. मर्यादा कुठे आहे हे इतके सांगून झाल्यावर म्हणतो की रोजच्या प्रकरणांत न्यायालये त्या मर्यादेपर्यंत जातच नाहीत. "आठ आठवड्यांत निर्णय घ्या, सर्व मुद्दे खुले" हा आदेश फळ्यावरचे प्रकरण खोडायला उत्तम. पण ज्या अर्जात ठरवण्यासारखे काही उरलेलेच नाही, वारस कोण हे गावाला ठाऊक आहे, हरकत एकाचीही आलेली नाही, तिथे "विचार करा" म्हणून सांगणे म्हणजे नकार शोधायला आठ आठवडे देणे. खुद्द सर्वोच्च न्यायालयाने २००६ आणि २००८ मध्ये, दोन्ही वेळा न्यायमूर्ती रवींद्रन यांच्या लेखणीतून, अशा "विचार करा" छापाच्या आदेशांचा समाचार घेतला आहे. त्यातल्या दुसऱ्या प्रकरणात तर नोकरी गेल्यावर दीड तपानंतर माणसाने अर्ज केला होता. अर्जावर विचार करा असा आदेश मिळवायचा, आणि विचार झाला की मेलेल्या दाव्यात पुन्हा धुगधुगी आणायची, अशी ती युक्ती. म्हणजे हा आदेश खऱ्या माणसाला कमी पडतो आणि खोट्याला फार पुरतो. तरी फळ्यावर रोज तोच.

आपल्याकडे कायद्यांची वाण नाही. २००५ च्या ज्या कायद्याला सगळे "दफ्तर दिरंगाई कायदा" म्हणतात त्यात लिहिले आहे की कोणत्याही शासकीय कर्मचाऱ्याकडे नस्ती कामकाजाच्या सात दिवसांहून अधिक पडून राहता कामा नये. लोकसेवा हक्काचा २०१५ चा कायदा सेवेला मुदत देतो, दोन अपिले देतो, वर आयोग देतो आणि कसुरीबद्दल ५०० ते ५००० रुपये दंड सांगतो. हायकोर्टाची पायरी चढण्याआधी या दोन कायद्यांनी काय काय होते आणि काय होत नाही, याला मी पुस्तकात बरीच जागा दिली आहे. इतकी की काही वकील मित्रांना ते कमीपणाचे वाटले. अर्जांचे नमुने मात्र दिलेले नाहीत. नमुन्यातला अर्ज आवक कारकून लांबूनच ओळखतो.

राहता राहिला "राव". आम्ही अपील केले. दोन्ही नावांची व्यक्ती एकच असल्याचे प्रतिज्ञापत्र, शाळा सोडल्याचा दाखला, पोलीस पाटलांचा पंचनामा असे सगळे जोडले. प्रांतांनी ऐकून घेतले आणि निकाल आमच्या बाजूने दिला. तो निकाल नोंदवहीत चढेपर्यंत गावचे दप्तर संगणकावर गेले. आता सातबारा घरबसल्या मोबाइलवर दिसतो, पेन्सिलीचा प्रश्नच नाही. परवा थोरल्या भावाने उतारा काढून मला पाठवला. वडिलांच्या नावाला कंस पडला होता आणि आमची तिघांची नावे ठळक, नीट छापलेली होती, माझे आडनाव चुकून. तळाशी एक छोटी ओळ होती, "प्रलंबित फेरफार", आणि तिच्यापुढे एक क्रमांक.